झिरपूरचे भालेराव गुरुजी

भालेराव गुरुजी पाणी पिताना डोळे मिटून घेत. तांब्या असो, पेला असो, नाहीतर झऱ्यावरची ओंजळ असो. मला आधी वाटायचं, देवाचं नाव घेत असतील. पण गुरुजी देव मानत नव्हते. एकदा विचारलं, तेव्हा म्हणाले, "लहानपणची खोड आहे, बाई. पिंपरी पेंढारला आम्हाला पाणी वरून वाढायचे. ओंजळ धरायची आणि वर बघायचं नाय. वर बघितलं की वाढणाऱ्याचं तोंड दिसायचं." एवढं बोलून त्यांनी पेला पालथा घातला आणि हजेरी घ्यायला निघून गेले. या विषयावर ते माझ्याशी पुन्हा कधी बोलले नाहीत.

नव्वदच्या दशकाचा मध्य असेल. तळेघरला एस.टी. सोडायची आणि डोंगराच्या धारेनं चालत सुटायचं, की उंबरदरा नावाची वाडी लागे. पहिली ते चौथीची शाळा, दोन खोल्या, दोन शिक्षक. गुरुजी मुख्याध्यापक आणि मी नवी लागलेली. मी तळेघरला खोली घेऊन रोज ये-जा करायची. गुरुजी शाळेच्या मागच्या पडवीत एकटेच राहत. त्यांची बायको वारली होती आणि मुलगा गावी शेती बघायचा.

अंगानं किडकिडीत, रंगानं काळेसावळे, सदऱ्याचा खिसा खडूच्या भुकटीनं कायम पांढरा. छत्री बाराही महिने बरोबर. भाकरी स्वतः थापत आणि ती कधीही गोल होत नसे. वाडीतल्या बायका पडवीत डोकावून हसायच्या, तर गुरुजी भाकरी उचलून दाखवत, "हा बघा आंबेगाव तालुका, आणि ही इथून घोड नदी गेली." पालीला मात्र ते इतके घाबरत, की भिंतीवर पाल दिसली तर वर्ग बाहेर झाडाखाली भरे.

पहिलीतल्या पोरालाही ते 'तुमी' म्हणत. "तुमी शेंबूड पुसून या, मग आपण बेरीज करू." पोरांना त्याचं इतकं अप्रूप, की घरी जाऊन आईलाही सांगत, मला 'तुमी' म्हण. फळ्यावर काही लिहिण्याआधी गुरुजी खडू हवेत धरून थांबत आणि म्हणत, "आधी खात्री, मग खडू." गावाचं नाव असो नाहीतर साधा पाढा, मनात एकदा तपासून मगच लिहायचं. राग आला तर ओरडत नसत. फळा उचलून भिंतीकडे तोंड करून ठेवत आणि गप्प बसून राहत. पोरं रडकुंडीला येत. छडीपेक्षा त्या उलट्या फळ्याचा धाक जास्त होता.

उंबरदऱ्याला पाऊस असा कोसळे, की शाळेच्या भिंतींना आतून शेवाळ धरे. पण होळी झाली की पाणी नाही. डोंगरावर पडलेलं सगळं खाली धरणाकडे निघून जायचं. मग वाडीला उरे तो ओढ्याच्या खबदाडातला एक झरा. तिथं खडकाच्या खोबणीत पाणी साचायची वाट बघत बसायचं, वाटीनं ते हंड्यात घालायचं, पुन्हा वाट बघायची. या कामाला मुली जायच्या. उन्हाळ्यात माझ्या वर्गातल्या मुली दहा-अकरा वाजता घामेजून यायच्या आणि पाटीवर डोकं ठेवून झोपून जायच्या. दुसरीतली मथी तर उभ्या-उभ्या झोपायची. दामू आणि हौसाबाईची ती थोरली. बारीक, काटक, डोक्याला कायम चुंबळीचा ठसा.

त्या झोपलेल्या मुलींना जागं ठेवायला गुरुजींनी झिरपूरची गोष्ट काढली.

झिरपूर म्हणजे एक देश. तिथलं आभाळ तांब्याचं, त्यातून कधी थेंबही पडत नाही. ढग हा शब्दच तिथल्या लोकांना माहीत नाही. पण त्या देशाच्या पोटात एक तळं आहे, इतकं मोठं, की त्याचा दुसरा काठ कुणी पाहिलेला नाही. अंधारात ते आतून निळसर उजळतं. त्यातले मासे कपाळावर दिवा घेऊन फिरतात. पायऱ्या उतरून गेलं की एक पाणराखी बाई भेटते आणि एकच विचारते, पाणी कुणासाठी पाहिजे. माझ्यासाठी, असं म्हटलं तर तळं खाली-खाली जातं. दुसऱ्या कुणाचं नाव घेतलं, तर पाणी आपणहून वर चढून हाताशी येतं.

मथी त्या दिवशी जागी राहिली. तिनं विचारलं, "गुरुजी, तितं लाईन लागती का?"

"नाय लागत. सगळ्यांना पुरतं."

"आन् हंडा डोक्यावर कोन देतं?"

भरलेला हंडा एकटीला उचलून डोक्यावर घेता येत नाही, कुणीतरी हात द्यावा लागतो, हे गुरुजींच्या ध्यानात आलं नव्हतं. मग त्यांनी झिरपूरच्या तळ्यावर एक वारा ठेवला. तो भरलेला हंडा उचलून अलगद डोक्यावर देई.

दोन उन्हाळे ती गोष्ट चालली. झिरपूरला राजा आला, त्यानं तळ्याला कुलूप घातलं, कुलपाला पाझर फुटला. मुली झऱ्यावर बसल्या-बसल्या ती आयांना सांगायच्या. पुढं बायाच गुरुजींना वाटेत अडवून विचारू लागल्या, "गुरुजी, त्या राजाचं काय केलं वो मंग?" गुरुजींना मोठी मौज वाटे. एकदा कुणीतरी विचारलं, त्या तळ्याचं दार कसं आहे. गुरुजींनी सहज खिडकीबाहेर बोट केलं. समोरच्या उतारावर जांभळीखाली तीन मोठे धोंडे होते. "तसल्याच तीन धोंड्यांच्या खाली," ते म्हणाले.

तिसऱ्या वर्षी पाऊस लवकर उघडला आणि झरा माघातच बारीक झाला. टँकर वर चढेना, रस्ताच तसा नव्हता. फार अर्ज-विनंत्यांनंतर बोअरचं मशीन आलं. वाडी सगळी काम टाकून बघायला जमली. मशीननं दिवसभर जमीन दणाणून सोडली आणि भोकातून नुसती पांढरी धूळ उडाली. माणसांच्या भुवया, झाडं, शाळेची कौलं, सगळं पांढरं झालं. संध्याकाळी मशीन निघून गेलं. बायकांनी हंडे उचलले आणि झऱ्याची वाट धरली.

त्यानंतर एक दिवस शाळा सुटताना मथीचा बाप, दामू, शाळेत आला. उंचापुरा, हळू बोलणारा माणूस. भात आणि नाचणी करायचा, उरलेले दिवस मंचरला कांद्या-बटाट्याच्या गोण्या उचलायला जायचा. खाली मैलामैलावर विहिरी, मोटारी, पाटाचं पाणी बघून यायचा. दारातच टेकून म्हणाला, "गुरुजी, पोरगी म्हनती तळं त्या जांभळीखाली हाय."

"दामूभाऊ, ती गोष्ट आहे. मी बनवलेली."

"ते मला बी कळतं. येडा न्हाई मी. पन मशीनवाल्यानं शास्त्रानं जागा काढली, तितं धूळ निघाली. मंग तुमच्या जागी खंदून बघितलं तर काय बिघडलं?"

"माझी जागा नाय ती. खिडकीतून तेवढंच दिसतं म्हणून बोट केलं."

"मंग बोट केलंच ना," दामू म्हणाला आणि हसला.

गुरुजींनी परोपरीनं समजावलं. चावडीवर जाऊन सांगितलं, मला जमिनीतलं काही कळत नाही, पोरांची करमणूक म्हणून सांगितलं, त्यावर घाम गाळू नका. लोक ऐकून घेत आणि मान डोलावत. पण त्यांना कुठंतरी खणायचंच होतं, आणि दुसरी कुठलीही जागा त्यांच्यासाठी धुळीच्या भोकाइतकीच परकी होती. पुढच्या सोमवारी कुदळी पडल्या.

पहिले काही दिवस गुरुजी तिकडे फिरकले नाहीत. वर्गाची खिडकी लावून घेत. मग एका दुपारी दामू धावत आला, मुठीत माती घेऊन. "गुरुजी, ओल लागली."

वर्ग सोडून गुरुजींनी कधी पाय बाहेर टाकला नव्हता. त्या दिवशी टाकला. खड्ड्याच्या काठावर उकिडवे बसून त्यांनी ती माती चुरली, नाकाशी नेली आणि माझ्यापुढं धरली. "बाई, वास बघा." मातीला ओला वास होता खरा. मी गुरुजींच्या तोंडाकडे पाहिलं. वर्गात गोष्ट सांगताना पोरांची तोंडं व्हायची तसं ते झालं होतं.

तिथून गुरुजी बदलले. शाळा सुटली की सदरा काढून घमेली ओढायला जायचे. हाताला फोड आले. खडू धरवेना, तर मला फळ्यावर लिहायला सांगत आणि 'आधी खात्री' म्हणायचं विसरून जात. झिरपूरची गोष्टही बदलली. आता तिच्यात राजा नव्हता, मासे नव्हते. नुसतं पाणी चढत होतं, पायरीमागून पायरी. मुली डोळे ताणून ऐकत. मला ते ऐकवत नसे, पण मी त्यांच्यापेक्षा वयानं आणि नोकरीनं लहान. शिवाय पाणी लागावं असं मलाही वाटतच होतं.

मुरूम संपला आणि काळा खडक लागला. खालच्या गावातून सुरुंगवाले आणले. शुक्रवारी संध्याकाळी बार झाले. धूर निवळेना म्हणून कुणी उतरलं नाही.

शनिवारची सकाळची शाळा. मी पोहोचले तेव्हा गुरुजी आणि दामू खड्ड्याच्या काठावर होते, आणखी चार-दोन माणसं दगडावर बसून तंबाखू मळत होती. दामू म्हणाला, "ही कड सुटल्यावानी वाटती, गुरुजी. जरा ऊन होऊ द्या, मुरूम काढून घिऊ, मंग उतरू."

गुरुजी म्हणाले, "रातभरात पाझरलं असंल हो. नुसतं बघून तर या."

दामू दोराला धरून उतरला. मी ओट्यावर पोरांना रांगेत उभं करत होते. खालून त्याचा आवाज आला, अगदी स्वच्छ. "गुरुजी, हाय वो. हाय पानी."

मग पोत्यातून धान्य ओतावं तसा आवाज झाला, आणि त्याच्यामागून दगडांचा.

माणसांनी हातांनी उकरलं. गुरुजी सगळ्यांच्या खाली होते. नखं तुटून बोटं रक्ताळली तरी ते कुणाच्या सांगण्यानं वर येईनात. तळेघरहून जीप आली तेव्हा दामूला वर आणून घोंगडीवर ठेवलेलं होतं. त्याचा सदरा कमरेपर्यंत भिजलेला होता. म्हणजे पाणी होतं. पण दहाव्याच्या आधीच ते आटलं. वाडीतला एक म्हातारा दहाव्याच्या दिवशी सहज म्हणून गेला, सुरुंगाची भोकं पाडताना वरून पाणी ओतावं लागतं, तेच तळाला साचलं असणार. गुरुजी शेजारीच बसले होते. त्यांनी ऐकलं.

पंचनामा झाला. काम लोकांनी आपखुशीनं काढलं होतं, असं सगळ्यांनी सांगितलं. गुरुजींचं नाव कुणी घेतलं नाही. तेच स्वतः उठून म्हणाले, "मी उतरायला लावलं." लिहिणाऱ्यानं वर पाहिलं, आणि वाडीची माणसं एका आवाजात म्हणाली, गुरुजींचं डोकं ठिकाणावर नाही, लिहू नका. हौसाबाई कपाळ मोकळं घेऊन भिंतीला टेकून बसली होती. ती म्हणाली, "गुरुजी, तुमी न्हाई खंदायला लावलं. आमाला पानी पायजे व्हतं."

तिनं शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं, असं गुरुजी मला पुढं एकदा म्हणाले.

मथी पंधरवड्यानं शाळेत आली. नेहमीच्या जागी बसली. गुरुजी भागाकार शिकवत होते. ती उभी राहिली. "गुरुजी, तळ्याची गोष्ट राहिलीया."

मी माझ्या खोलीच्या दारात येऊन उभी राहिले.

"बा तितं गेला का?" तिनं विचारलं.

मला वाटलं, आता ते हो म्हणतील. म्हणावं असंही वाटलं. एवढ्याशा पोरीला तेवढं पुरलं असतं. गुरुजींनी खडू खाली ठेवला. "मथाबाई, तसं तळं नाय. झिरपूर नाय. ते सगळं मी माझ्या मनानं रचलं होतं."

"मंग बा कुटं गेला?"

मथी दप्तर उचलून घरी गेली. ती पुन्हा शाळेत आली नाही. तिची आई बापाच्या जागी मंचरला गोण्या शिवायला जाऊ लागली, आणि झरा, धाकटी भावंडं, म्हैस मथीकडे आली. गुरुजी बोलवायला कितीदा त्यांच्या दारात गेले. ती "येते" म्हणायची आणि यायची नाही.

त्यानंतर गुरुजींनी एक काम सुरू केलं, जे वाडीनं कधी पाहिलं नव्हतं. पहाटे झऱ्यावर जाऊन ते हंडा भरत, खांद्यावर घेत आणि दामूच्या दारात नेऊन ठेवत. त्या भागात पुरुष पाणी भरत नाहीत. झऱ्यावरच्या बाया आधी हसल्या, मग त्यांना वाट करून देऊ लागल्या. पण घरात दामूची म्हातारी आई होती, जुन्या वळणाची. गुरुजींनी आणलेलं पाणी ती चुलीपर्यंत नेत नसे. मथी घरात नसली की हंडा उचलून म्हशीपुढं ओती. हे सगळ्या वाडीला ठाऊक होतं. मला कळलं तेव्हा माझा संताप झाला. मी गुरुजींना म्हटलं, "तुम्हाला माहीत आहे ना, ती ते पाणी काय करते?"

"माहीत आहे."

"मग कशाला नेता?"

"म्हशीलाही लागतंच की, बाई," ते म्हणाले.

मी तिथं होते तोवर, आणि नंतर त्यांची बदली होईपर्यंत, उन्हाळ्याचा एक दिवस त्यांनी चुकवला नाही. खांदा एका बाजूनं खाली आला. वर्गात ते पुस्तकातलं तेवढं शिकवत. नव्या पोरांना झिरपूर माहीत नव्हतं, आणि जुन्यांपैकी कुणी नाव काढत नसे. पाल भिंतीवर फिरत असली तरी त्यांचं लक्ष नसे.

खड्डा तसाच राहिला. पावसाळ्यात तुडुंब भरायचा, एकदा त्यात वासरू पडून मेलं, मग लोकांनी भोवती काटेरी फांद्या लावल्या. दिवाळीनंतर तो कोरडा व्हायचा. पुढं एक योजना आली. सिमेंटची टाकी झाली, दारोदार नळ बसले. टाकीत पाणी कुठून आणायचं ते मात्र राहून गेलं. पोरं नळाला तोंड लावून फुंकर मारायची आणि आवाज काढायची.

दोन हजार सालानंतर मी मंचरला बदलून आले. तिथं काही वर्षांनी एकदा कांद्याच्या वखारीसमोरून जाताना निवडणाऱ्या बायांमध्ये मथी दिसली. मीच तिला ओळखलं. कडेला मूल, अंगावर धुळीचा थर. कुठं दिलं, विचारलं, तर डोंगराकडचीच एक वाडी सांगितली. तिथंही झराच. मी म्हटलं, "भालेराव गुरुजी आठवतात का?" ती जरा विचारात पडली. "गोष्टीवालं गुरुजी व्हय? हायेत का अजून?" ते आहेत, असं सांगेपर्यंत मुकादमानं हाक मारली आणि ती वळली.

त्याच वर्षी मी पिंपरी पेंढारला गुरुजींना भेटायला गेले. मुलानं घर बांधलं होतं. मागं विहीर, मोटार चालू, कांद्याच्या वाफ्यांत पाणी खळाळत होतं. गुरुजी ओट्यावर बसले होते, त्या पाण्याकडे पाठ करून. सुनेनं हळू आवाजात सांगितलं, फारसं बोलत नाहीत, नातवंडांतही बसत नाहीत. मला त्यांनी ओळखलं. चहा झाला. शाळेची चौकशी केली.

"मथी भेटली होती," मी सांगितलं. "तुमची आठवण काढली."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "काय म्हणाली?"

"गुरुजी आहेत का, विचारत होती."

"तिच्या सासरी पाणी आहे का?"

खोटं बोलायला तोंड उघडलं, पण या माणसासमोर ते निघेना. "नाही," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली, ठाऊक असलेलंच ऐकल्यासारखी.

संध्याकाळी ते मला फाट्यावर सोडायला आले. छत्री नव्हती, काठी होती. मंचरची गाडी आली. मी चढून खिडकीशी बसले, तर गुरुजी दाराशी जाऊन कंडक्टरला विचारत होते, "तळेघर?"

"नाय बाबा. तळेघरला इथनं गाडी नाय. मंचरला उतरून बदलायला लागंल. येताय का?"

मी उठून दारापर्यंत गेले. "येता, गुरुजी? रात्री माझ्याकडे राहा, सकाळच्या गाडीनं जाल."

ते पायरीला हात लावून उभे राहिले. गाडीतली माणसं खोळंबली होती. मग त्यांनी हात काढून घेतला. "आज नको," ते म्हणाले. "आज उशीर झाला."

कंडक्टरनं घंटी वाजवली. मी मागच्या काचेतून पाहिलं. घराकडचा रस्ता समोरच होता. गुरुजी तिकडे गेले नाहीत. थांब्याच्या सिमेंटच्या बाकावर बसले, काठी गुडघ्यांत धरली आणि गाड्या येतात त्या बाजूला तोंड करून बघत राहिले.